साडेचार वर्षांची कारकीर्द : बुद्धिबळपटू मीर सुलतान खान

गणपती हा बुद्धीचा दाता. म्हणूनच उत्सवात आरास, वक्तृत्व आणि रांगोळीच्या जोडीला बुद्धिबळाची स्पर्धाही आपल्याकडे आवडीने होते. मुले पट मांडून बसली की मागे उभे राहून चाली सुचवणारे आजोबाही हजर असतात. यंदाच्या स्मरणिकेसाठी आम्ही या खेळातल्या एका जुन्या खेळाडूचे चरित्र निवडले आहे. ते मराठी नव्हते, पंजाबी होते. पण त्यांच्या कारकिर्दीतला अखेरचा सामना सांगलीच्या खेळाडूशी झाला, आणि बेळगावहून मिरजेची गाडी धरणाऱ्या आपल्या मंडळींना सांगली परकी नाही.

मीर सुलतान खान यांचा जन्म 1903 मध्ये पंजाबातल्या खुशाबजवळच्या मिठा टिवाणा गावी झाला. वडील मियाँ निजामुद्दीन हे धार्मिक वळणाचे गृहस्थ आणि बुद्धिबळाचे दर्दी. त्यांनीच मुलाला नवव्या वर्षी खेळ शिकवला. हा खेळ म्हणजे देशी बुद्धिबळ. आपल्याकडच्या जुन्या माणसांना त्याचे नियम आठवतील. प्यादे पहिल्या खेपेसही एकच घर सरकायचे, किल्लेकोट आजच्यासारखा नसायचा, राजाला एकदा घोड्याची चाल मिळायची. त्यामुळे डाव सावकाश रंगायचा आणि मोहरी एकमेकांना भिडायला वेळ लागायचा. पंचविशीच्या आतच सुलतान खान पंजाबातले उत्तम खेळाडू मानले जाऊ लागले.

मोठे जमीनदार सर उमर हयात खान यांनी त्यांना पदरी ठेवले आणि विलायती नियमांचा खेळ शिकण्याची सोय केली. 1928 मध्ये अखिल भारतीय स्पर्धेत त्यांनी नऊ डावांत साडेआठ गुण मिळवले. पुढच्या वसंतात उमर हयात खान त्यांना बरोबर घेऊन लंडनला गेले.

तिथल्या सरावाच्या स्पर्धेत सुलतान खान अगदी तळाला राहिले. विलायती खेळात पहिल्या दहा-बारा चालींचा पुस्तकी अभ्यास लागतो, तो त्यांचा झालेला नव्हता. इंग्रजीही बेताचेच. विंटर आणि येट्स या दोन इंग्रज खेळाडूंनी त्यांचा सराव करून घेतला. काही आठवड्यांतच, 1929 च्या उन्हाळ्यात रॅम्सगेटला झालेल्या स्पर्धेत ते ब्रिटनचे विजेते झाले. पुढे 1932 आणि 1933 मध्ये हा किताब त्यांनी पुन्हा मिळवला.

सुरुवात कच्ची असली तरी डावाच्या मध्यात आणि शेवटी त्यांना आवरणे कठीण जाई. 1930-31 च्या हेस्टिंग्ज स्पर्धेत त्यांनी क्युबाचे माजी जगज्जेते कापाब्लांका यांना हरवले. 1931 मध्ये तार्ताकोव्हर यांच्याशी बारा डावांचा सामना साडेसहा विरुद्ध साडेपाच असा जिंकला. हॅम्बर्ग, प्राग आणि फोकस्टोन या तिन्ही ऑलिंपियाडमध्ये ते इंग्लंडच्या संघात पहिल्या पटावर बसले. प्रागला त्यांनी रुबिनस्टाईन आणि फ्लोर यांना हरवले आणि तेव्हाचे जगज्जेते अलेखिन यांच्याशी बरोबरी साधली. विलायतेची थंडी मात्र त्यांना कधीच मानवली नाही. सर्दी, ताप आणि हिवताप सोसतच ते खेळले.

त्याच घरातल्या फातिमा नावाच्या मुलीनेही तिथे खेळ शिकला आणि 1933 मध्ये ब्रिटनचा महिला किताब मिळवला. तिच्याबद्दल फारच थोडे लिहिले गेले.

1933 च्या डिसेंबरात उमर हयात खान मायदेशी परतले आणि सुलतान खानही परतले. 1935 मध्ये सांगलीचे वि. का. खाडिलकर यांच्याशी त्यांचा दहा डावांचा सामना झाला. खाडिलकर हे आपल्याकडचे नाणावलेले खेळाडू, पण दहांपैकी एकच डाव त्यांना बरोबरीत सोडवता आला, बाकीचे नऊ सुलतान खानांनी जिंकले. तिशी जेमतेम ओलांडलेला हा माणूस एवढ्या भरात होता, आणि त्यानंतर मोठ्या स्पर्धेत तो पुन्हा दिसला नाही. पुढची तीस वर्षे त्यांनी शेती पाहिली. आपल्या मुलांना त्यांनी बुद्धिबळ शिकवले नाही. आयुष्यात याहून उपयोगाचे काही करा, असे ते मुलांना सांगत. 25 एप्रिल 1966 रोजी सरगोध्याला त्यांचे निधन झाले.

इंग्लंडमध्ये ते कुणाचा तरी नोकर, निरक्षर माणूस असेच रंगवले गेले. अशा माणसाने जगज्जेत्यांना हरवावे याचे तिथे नवल वाटे. घरच्यांना हे वर्णन मान्य नाही. घराणे धर्मगुरूंचे, गाठीला स्वतःची जमीन, असे ते सांगतात. आम्हालाही वाटते की कोणाच्या पदरी होते यापेक्षा कोणाला हरवले हे आधी सांगावे. 1950 मध्ये जागतिक संघटनेने ग्रँडमास्टर किताब द्यायला सुरुवात केली, तेव्हा पहिल्या यादीत तार्ताकोव्हर आणि रुबिनस्टाईन होते. त्या दोघांना हरवणारे सुलतान खान हयात असूनही त्या यादीत नव्हते. किताब मिळाला तो 2024 मध्ये, मृत्यूनंतर 58 वर्षांनी, आणि नोंद झाली ती पाकिस्तानचे पहिले ग्रँडमास्टर म्हणून. खेळले मात्र ते अखंड हिंदुस्थानातून गेलेले, इंग्लंडच्या पटावर. माणूस आपल्या गावीच राहतो आणि वरचे राज्य बदलते, हे 1956 पासून आपल्या घरांना वेगळे सांगायला नको.

आज मुलांना शिकवण्या आहेत, मानांकन आहे, मोबाइलवर जगभरचे प्रतिस्पर्धी आहेत. नागपूरची दिव्या देशमुख 2025 मध्ये महिलांचा विश्वचषक जिंकून ग्रँडमास्टर झाली. त्यांच्या वाटेत सुलतान खानांसारखी दुसऱ्याच्या मर्जीची अट येऊ नये, एवढी काळजी आपण घेतली पाहिजे. आणि आमची एक सूचना आहे. यंदाच्या स्पर्धेचे बक्षीस वाटप झाले की मागे उभ्या असलेल्या आजोबांना पुढे बसवावे आणि नातवंडांनी त्यांच्याशी एक डाव देशी नियमांनी खेळावा.