सार्वजनिक काका आणि सनदशीर विरोध

सरकारच्या धोरणास विरोध करणें आणि राज्य उलथून टाकूं पाहणें या दोन गोष्टी एक नव्हेत, हें आज कोणीही मान्य करील. परंतु ज्या काळीं या दोहोंतील भेद राज्यकर्त्यांस पटत नव्हता, त्या काळीं गणेश वासुदेव जोशी यांनीं तो आपल्या आचरणानें दाखवून दिला. लोक त्यांस सार्वजनिक काका म्हणत.

काकांचा जन्म 1828 सालीं साताऱ्यास झाला. पुण्यास वकिली करीत असतां 1870 च्या एप्रिलांत त्यांनीं सार्वजनिक सभा स्थापिली. वकीलपत्रावांचून कोर्ट वकिलाचें ऐकत नाहीं, हें ते जाणून होते. म्हणून सभेच्या प्रत्येक सभासदानें निदान 50 माणसांच्या सह्यांचें मुखत्यारपत्र आणावें, असा नियम ठरला, आणि सुमारें 6000 लोकांनीं सह्या दिल्या. लोकनियुक्त कायदेमंडळ देशांत नसतां लोकांचा प्रतिनिधि कसा असावा, याचा हा पहिला धडा होय.

1872 पासून काकांनीं खादीचें व्रत घेतलें, स्वतः सूत काढलें आणि देशी मालाचीं दुकानें निघावीं म्हणून खटपट केली. 1877 च्या दिल्ली दरबारांत राजेरजवाडे जरतारींत मिरवत असतां काका खादीच्या पोषाखांत सभेच्या वतीनें उभे राहिले, आणि हिंदी प्रजेस ब्रिटिश प्रजेच्या बरोबरीचा दर्जा मिळावा अशी मागणी त्यांनीं केली. त्याच सुमारास दक्षिणेंत दुष्काळ पडला होता. सभेनें गांवोगांवची माहिती जमवून सरकारपुढें मांडली. दरबारी खर्चाच्या शेजारीं हे आंकडे सरकारास रुचणें शक्यच नव्हतें.

1879 सालीं वासुदेव बळवंत फडके यांनीं बंड उभारलें आणि सर्व पुण्यावर संशयाची छाया पडली. न्यायमूर्ति रानडे यांची धुळ्यास बदली झाली. अशा वेळीं फडक्यांचें वकीलपत्र घेणें म्हणजे तो संशय आपल्या अंगावर ओढून घेणें होतें. काकांचा मार्ग शस्त्राचा नव्हता. तरीही ते कोर्टांत फडक्यांच्या बाजूनें उभे राहिले. आरोपीस वकील मिळालाच पाहिजे, मग त्याचा मार्ग आपणांस मान्य असो वा नसो, हें तत्त्व त्यांनीं सोडलें नाहीं. फडक्यांस जन्मठेप होऊन एडनास पाठविण्यांत आलें. पुढील वर्षीं, 1880 च्या जुलैंत, काका निवर्तले.

1897 सालीं सरकारनें सार्वजनिक सभेची मान्यताच काढून घेतली. जी संस्था अर्ज करी, आंकडे देई, कायद्याबाहेर पाऊल टाकीत नसे, तीही त्यास नकोशी झाली. 1947 सालीं तें राज्य गेलें. विरोध करण्याचा हक्क मात्र मागें उरला.

राज्य आपलें झालें म्हणून तो हक्क अनावश्यक झाला, असें समजणें घातक आहे. कर जाचक आहे म्हणून दुकानांत बसून कुरकुरणारे पुष्कळ. पण गाऱ्हाण्याचा कागद सहीसाठीं पुढें आला कीं त्यांचा हात आखडतो. काकांच्या सभेचें बळ त्या 6000 सह्यांत होतें, हें त्यांनीं विसरूं नये.