बिशप मातेउस दे कास्त्रो : लॅटिन विधीचे पहिले भारतीय बिशप

खोपट असो वा ठाणे-कल्याण परिसरातील कोणताही धर्मग्राम, आपल्याच मातीतला धर्मगुरू वेदीवर पवित्र मिस्सा अर्पण करतो याचे आज कुणालाही नवल वाटत नाही. परंतु सतराव्या शतकात याच हक्कासाठी गोव्याच्या एका सुपुत्राने आपले सारे आयुष्य वेचले. ते म्हणजे बिशप मातेउस दे कास्त्रो.

त्यांचा जन्म सोळाव्या शतकाच्या अखेरीस गोव्यातील दिवाडी बेटावर, ख्रिस्ती झालेल्या एका ब्राह्मण कुटुंबात झाला. रेईस मागोस येथील फ्रान्सिस्कन विद्यालयात त्यांनी शिक्षण घेतले. धर्मगुरू होण्याची त्यांची तळमळ होती. परंतु गोव्याच्या आर्चबिशपांनी त्यांना गुरुदीक्षा नाकारली. तेव्हा मोठा खडतर प्रवास करून ते १६२५ साली रोमला पोहोचले.

युरोपात त्या काळी धर्मसुधारणेच्या चळवळीमुळे ख्रिस्तसभा दुभंगली होती. पूर्वेकडील मिशनकार्य पोर्तुगालच्या राजाच्या आश्रयाखाली, म्हणजेच पाद्रोआदोच्या अधिकारात होते. ते स्वतःच्या देखरेखीखाली आणावे यासाठी रोमने १६२२ साली प्रोपागांडा फिदे ही संस्था स्थापन केली होती. या संस्थेने मातेउस यांना जवळ केले. रोममध्येच त्यांना गुरुदीक्षा मिळाली.

१६३३ साली ते गोव्यात परतले. परंतु त्यांची रोमची अधिकारपत्रे तेथे मानली गेली नाहीत. ते पुन्हा रोमला गेले. १६३७ साली त्यांना बिशपपदाची दीक्षा मिळाली आणि पुढे आदिलशाही मुलखात त्यांनी व्हिकर अपोस्टोलिक म्हणून कार्य केले. डिचोली येथे राहून त्यांनी स्थानिक तरुणांना गुरुदीक्षा दिली. गोव्याच्या अधिकाऱ्यांनी मात त्या धर्मगुरूंना मान्यता दिली नाही.

संघर्ष वाढत गेला. आदिलशहाला गोव्यावर चाल करण्यास चिथावल्याचा आरोप पोर्तुगीजांनी त्यांच्यावर केला. त्यांचा स्वभाव तापट होता आणि लेखणीही जहाल. अन्यायाविरुद्ध लढताना त्यांच्या मनात कटुता साचली, हेही प्रांजळपणे मान्य केले पाहिजे. १६५८ साली ते कायमचे रोमला गेले. १६७७ च्या सुमारास तेथेच त्यांचे निधन झाले. जन्मभूमीचे दर्शन त्यांना पुन्हा घडले नाही.

त्यांचा लढा मात्र व्यर्थ गेला नाही. १६५९ साली प्रोपागांडाने आपल्या मिशनरी बिशपांना स्थानिक धर्मगुरू घडविण्याचा आणि युरोपीय चालीरीती लोकांवर न लादण्याचा आदेश दिला. दोन अधिकारक्षेत्रांचा वाद मुंबईतही दीर्घकाळ चालला व १९२८ साली मिटला. १९५० साली वालेरियन ग्रेशस हे मुंबईचे पहिले भारतीय आर्चबिशप झाले.

आपल्या धर्मग्रामातील एखादा तरुण सेमिनरीत प्रवेश घेतो, तेव्हा त्याच्यासाठी तो दरवाजा ठोठावत राहिलेल्या या बिशपांचे कृतज्ञतेने स्मरण करू या.