वजीर मोहम्मद खान : पडद्यावर पहिलं गाणं गाणारा फकीर

स्पर्धा परीक्षेची तयारी करणाऱ्या मुलांना भारतातला पहिला बोलपट कोणता, हे पाठ असतं. उत्तर येतं, ‘आलम आरा’. पण त्यातलं पहिलं गाणं कोणी गायलं, असं विचारलं की वर्ग शांत होतो. ते नाव आहे वजीर मोहम्मद खान. डब्ल्यू. एम. खान या नावानेही ते ओळखले जात.

14 मार्च 1931 रोजी मुंबईत गिरगावच्या मॅजेस्टिक सिनेमात ‘आलम आरा’ लागला. दिग्दर्शक होते इंपीरियल कंपनीचे अर्देशिर इराणी. गर्दी एवढी झाली की पोलीस बोलवावे लागले. चार आण्यांचं तिकीट काळ्या बाजारात चार-पाच रुपयांना गेलं. नायक मास्टर विठ्ठल, नायिका जुबेदा, सोबत पृथ्वीराज कपूर. मास्टर विठ्ठल मूकपटांचे मोठे स्टार, पण उर्दू संवाद त्यांना अवघड जात, म्हणून त्यांच्या तोंडी बोलणं कमीच ठेवलं, असं सांगतात.

खानसाहेबांची भूमिका छोटी, एका फकिराची. खुदाच्या नावावर मागणारा हा फकीर पडद्यावर आला आणि गाऊ लागला. तोपर्यंत मुक्या असलेल्या आपल्या सिनेमातलं ते पहिलं गाणं ठरलं.

आज हे सोपं वाटेल. तेव्हा पार्श्वगायन नव्हतं. कॅमेऱ्यासमोर उभं राहून तिथेच गायचं, आणि आवाज त्याच वेळी फिल्मवर उतरायचा. माईक दिसणार नाहीत असे लपवलेले. साथीला मोजकीच वाद्यं. स्टुडिओजवळून रेल्वे जायची, म्हणून गाड्या थांबल्यावर रात्री उशिरा शूटिंग चालायचं. सूर चुकला तर नंतर दुरुस्तीची सोय नव्हती, अख्खा शॉट पुन्हा घ्यावा लागे.

पुढे नानुभाई वकील यांनी 1956 मध्ये आणि 1973 मध्ये ‘आलम आरा’ पुन्हा बनवला. दोन्ही वेळा फकीर झाले ते वजीर मोहम्मद खानच. नायक बदलले, नायिका बदलल्या, रंगीत सिनेमाचा जमाना आला, फकीर मात्र तोच राहिला. 42 वर्षांत तीनदा एकच भूमिका!

दुःखाची गोष्ट पुढे आहे. 1931 च्या ‘आलम आरा’ची एकही प्रिंट आज उपलब्ध नाही. त्यातल्या गाण्यांच्या तबकड्याही तेव्हा निघाल्या नाहीत. म्हणजे ज्या आवाजाने सुरुवात केली, तो आवाजच आपल्यापाशी नाही. फक्त शब्द आणि नाव उरलं.

म्हणून ते नाव तरी घरात मुलांना सांगायला हवं. मोठी भूमिका सगळ्यांच्याच नशिबी येते असं नाही. वाट्याला आलेली पाच मिनिटं माणूस किती मन लावून निभावतो, ते खरं. खानसाहेबांनी ती निभावली. आता आठवण ठेवायचं काम आपलं.