नागठाण्याचे बालगंधर्व आणि पडद्यावरची मीराबाई

बालगंधर्व म्हणजेच नारायण श्रीपाद राजहंस. मूळ गाव नागठाणे. साताऱ्याजवळचं नव्हे, पलूस तालुक्यातलं कृष्णाकाठचं. जन्म १८८८ चा.

त्या काळी नाटकात बायकांची कामं पुरुषच करायचे. १९०५ मध्ये किर्लोस्कर मंडळीच्या नाटकात मिरजेत ते शकुंतला म्हणून उभे राहिले आणि नाव झालं. १९११ मध्ये 'मानापमान'च्या पहिल्या प्रयोगादिवशी त्यांची लहानगी मुलगी वारली, तरी प्रयोग थांबला नाही.

१९१३ मध्ये स्वतःची गंधर्व नाटक मंडळी काढली. भरजरी शालू, अत्तरं, नेपथ्य यांवर हात सैल सोडला आणि कर्ज डोक्यावर बसलं. तशात बोलपट आले, नाटकाचं प्रेक्षक तिकडं वळलं.

मग तेही सिनेमात गेले. १९३५ ला 'प्रभात'च्या 'धर्मात्मा'त संत एकनाथ झाले. पण लोकांना ते साडीतच हवे होते. १९३७ ला बाबूराव पेंटरांच्या 'साध्वी मीराबाई'त ते मीराबाई झाले. तोवर वय पन्नाशीला टेकलेलं आणि पडद्यावर खऱ्या नट्या आलेल्या. रंगमंचावर लांबून खपायचं, ते कॅमेऱ्यापुढं लपेना.

सिनेमा सोडून ते नाटकातच परतले. १९६४ ला पद्मभूषण मिळालं. १५ जुलै १९६७ ला पुण्यात निधन झालं. मिरजेचं नाट्यगृह आज त्यांच्याच नावानं उभं आहे.