शाहीर अण्णा भाऊ साठे

अवघे दीड दिवस शाळेत गेलेल्या माणसाचे चरित्र शाळेच्या वार्षिकात कशाला, असे एखादा पालक विचारील. आम्ही ते मुद्दाम देत आहोत.

तुकाराम भाऊराव साठे, म्हणजेच अण्णा भाऊ, यांचा जन्म १ ऑगस्ट १९२० रोजी तेव्हाच्या सातारा जिल्ह्यातील वाटेगाव येथे मातंग कुटुंबात झाला. इंग्रजी कायद्याने या जातीच्या कपाळी गुन्हेगारीचा शिक्का मारला होता. गावी पोट भरेना, म्हणून सारे कुटुंब पायी मुंबईस निघाले. तेथे कोळसे वेचणे, हमाली, मिळेल ते काम या मुलाने केले. गिरणीतील नोकरीही टिकली नाही. दुकानांच्या पाट्या वाचीत तो अक्षरे शिकला, असे सांगतात.

१९४४ साली अमर शेख व द. ना. गव्हाणकर यांच्यासह त्यांनी लालबावटा कलापथक काढले. डफ, तुणतुणे, ढोलकी एवढेच साहित्य. रंगभूमी म्हणजे चाळीपुढील मोकळी जागा. श्रोते गिरणगावचे. रोज पहाटे गिरणीच्या फाटकाशी उभे राहून काम न मिळताच परतणाऱ्या बदली कामगारांची ती वस्ती. तमाशात आरंभी गणपतीचे नमन, मग गौळण, असा क्रम असे. अण्णा भाऊंनी नमन मातृभूमीला आणि हुतात्म्यांना केले, गौळण गाळली, आणि वगात सावकार व मालक आणून उभे केले. 'मुंबईची लावणी'त मलबार हिलचे वैभव आणि परळची उपासमार त्यांनी शेजारी शेजारी बसविली. स्वातंत्र्यानंतर मुंबई सरकारने या पथकावर बंदी घातली, यावरून त्या डफाचा धाक कळतो.

'माझी मैना गावावर राहिली' ही त्यांची छक्कड आम्हां गोमंतकीयांस परकी वाटू नये. रोजगारासाठी मुंबईस आलेला तरुण आणि मागे राहिलेली त्याची बायको, एवढेच तिचे कथानक. आपल्याकडीलही किती मुलगे असेच मुंबईस गेले आणि गावच्या कुडात राहून बोटीवरील नोकरीची वाट पाहत बसले! संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात अण्णा भाऊंनी या विरहाला बेळगाव-कारवारच्या ताटातुटीची जोड दिली. गोव्याने १९६७ च्या जनमत कौलात निराळी वाट धरली हे खरे. पण त्यामुळे त्या गाण्यातील पोटाची व्यथा उणी होत नाही.

'फकिरा' ही कादंबरी १९५९ साली निघाली. ती त्यांनी डॉ. आंबेडकरांच्या लेखणीस अर्पण केली. तिला राज्य पुरस्कार मिळाला. १९६१ साली ते रशियास जाऊन आले. नाव झाले, दारिद्र्य मात्र हटले नाही. कित्येक वर्षे बिऱ्हाड घाटकोपरच्या चिरागनगरातील झोपडीतच होते. १८ जुलै १९६९ रोजी, वयाच्या एकोणपन्नासाव्या वर्षी, ते निवर्तले. बरोबर सहा आठवड्यांनी, २९ ऑगस्टला, अमर शेखही अपघातात गेले.