थॉमस अर्स्किन

थॉमस अर्स्किन, पहिले बॅरन अर्स्किन (१० जानेवारी १७५० – १७ नोव्हेंबर १८२३) हे ब्रिटिश बॅरिस्टर, संसदपटू व १८०६-०७ या काळात लॉर्ड चॅन्सेलर होते. मात्र त्यांची कीर्ती या पदापेक्षा फौजदारी खटल्यांत केलेल्या बचावामुळे टिकली.

एडिनबरा येथील एका उमराव, पण हलाखीत आलेल्या घराण्यात त्यांचा जन्म झाला. आरमारात व सैन्यात नोकरी केल्यानंतर १७७८ मध्ये त्यांनी वकिली सुरू केली. १७८१ मध्ये राजाविरुद्ध युद्ध पुकारल्याच्या आरोपातून त्यांनी लॉर्ड जॉर्ज गॉर्डन यांची निर्दोष सुटका करून घेतली.

त्यांच्या कारकिर्दीतील सर्वांत महत्त्वाचा खटला मात्र ते हरले. ‘राइट्स ऑफ मॅन’ या ग्रंथाच्या दुसऱ्या भागाबद्दल (पुढे महात्मा फुले यांच्यावर ज्याचा प्रभाव पडला तोच हा ग्रंथ) थॉमस पेन यांच्यावर १७९२ मध्ये राजद्रोही लेखनाचा खटला भरण्यात आला. अर्स्किन त्यावेळी प्रिन्स ऑफ वेल्स यांचे अ‍ॅटर्नी जनरल होते. हे वकीलपत्र घेऊ नये असा आग्रह त्यांना होऊ लागला. तो त्यांनी मानला नाही. आरोपी दोषी आहे की नाही हे वकिलानेच आधी ठरवले, तर तो सुनावणीपूर्वीच न्यायाधीशाच्या जागी बसतो आणि नामांकित वकिलाच्या नकारानेच आरोपीविरुद्ध मत तयार होते, अशी त्यांची भूमिका होती. ज्यूरीने सरकार पक्षाच्या उत्तराचीही वाट न पाहता, फ्रान्समध्ये असलेल्या पेन यांना दोषी ठरवले. या वकीलपत्रापायी अर्स्किन यांचे पद गेले.

१७९४ मध्ये देहान्त शासनास पात्र असलेल्या आरोपांतून त्यांनी चर्मकार थॉमस हार्डी, हॉर्न टूक व जॉन थेलवॉल यांना सोडवले. १८०० मध्ये राजा तिसऱ्या जॉर्जवर गोळी झाडणारा माजी सैनिक जेम्स हॅडफिल्ड वेडसरपणाच्या बचावावर सुटला. बुद्धी पूर्णपणे नष्ट झालेली नसली, तरी भ्रमाच्या अंमलाखाली केलेल्या कृत्यास माणूस जबाबदार नसतो, असा अर्स्किन यांचा युक्तिवाद होता. अशा आरोपींना स्थानबद्ध ठेवण्याचा कायदा त्याच वर्षी झाला.

पेन यांच्याच ‘द एज ऑफ रीझन’ या ग्रंथाच्या प्रकाशकाविरुद्ध १७९७ मध्ये अर्स्किन फिर्यादीतर्फे उभे राहिले, हे विसंगत वाटते. शिक्षेपूर्वी प्रकाशकाच्या कुटुंबाची दैना पाहून त्यांनी दयेची शिफारस केली; फिर्यादी संस्थेने ती नाकारताच त्यांनी वकीलपत्र सोडले.

आरोपींचे वकीलपत्र न घेण्याचे वकील संघांचे ठराव भारताच्या सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये बेकायदेशीर ठरवले. त्या निकालात अर्स्किन यांनी केलेल्या पेन यांच्या बचावाचा दाखला दिलेला आहे.