आचार्य बोस आणि गॅलिनाचा स्फटिक

थेरगाव : येथून चाकणपर्यंत कारखान्यांच्या छपरांवर आणि सोसायट्यांच्या गच्च्यांवर आता सौर पॅनेल दिसतात. त्यांतील अर्धवाहकाच्या चकतीवर प्रकाश पडला की वीज वाहू लागते. अर्धवाहकावर आधारलेल्या उपकरणाचे जगातील पहिले मानले जाणारे पेटंट एका भारतीयाच्या नावे आहे, आणि त्याला ते नकोच होते.

जगदीशचंद्र बोस यांचा जन्म ३० नोव्हेंबर १८५८ रोजी पूर्व बंगालमध्ये झाला. वडील सरकारी अधिकारी. तरीही मुलाला त्यांनी प्रथम बंगाली शाळेतच घातले. केंब्रिजहून परतल्यावर १८८५ मध्ये बोस कलकत्त्याच्या प्रेसिडेन्सी कॉलेजात प्राध्यापक झाले. युरोपीय सहकाऱ्यांहून कमी वेतन देऊ केल्याने त्यांनी तीन वर्षे वेतनच स्वीकारले नाही. अध्यापन मात्र सुरू ठेवले. अखेर सरकारला थकबाकीसह पूर्ण वेतन द्यावे लागले.

कॉलेजातील लहानशा खोलीत, स्थानिक कारागिराकडून उपकरणे घडवून घेत त्यांनी अवघ्या काही मिलिमीटर लांबीच्या विद्युत्चुंबकीय लहरी निर्माण केल्या. या लहरी टिपण्यासाठी त्यांनी गॅलिना या शिशाच्या खनिजाचा स्फटिक वापरला. हा स्फटिक अदृश्य लहरींप्रमाणेच दृश्य प्रकाशालाही प्रतिसाद देई. बोस यांनी सौरघट बनवला, असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. पण प्रकाश आणि अर्धवाहक यांचे नाते त्यांनी हाताळले होते, हे निश्चित.

ज्ञान विकू नये, ही त्यांची धारणा. स्वामी विवेकानंदांच्या अमेरिकन शिष्या सारा बुल यांच्या आग्रहामुळे सप्टेंबर १९०१ मध्ये अमेरिकेत अर्ज गेला आणि २९ मार्च १९०४ रोजी ७५५८४० क्रमांकाचे पेटंट मिळाले. बोस यांनी त्यापासून कधी धन मिळवले नाही. ते आपोआप रद्द होऊ दिले. या नि:स्पृहतेची किंमत त्यांच्या कीर्तीला मोजावी लागली, असे आज वाटते. पुढे ते वनस्पतींच्या संवेदनांच्या अभ्यासाकडे वळले. १९१७ मध्ये त्यांनी कलकत्त्यात बोस विज्ञान मंदिर स्थापन केले. २३ नोव्हेंबर १९३७ रोजी गिरिडीह येथे त्यांचे निधन झाले.

एप्रिल १९५४ मध्ये अमेरिकेतील बेल प्रयोगशाळेने सिलिकॉनचा सौरघट जगापुढे आणला. त्याची कार्यक्षमता सुमारे ६ टक्के होती. आजची पॅनेल २० टक्क्यांच्या पुढे गेली आहेत. त्या घटाच्या तीन जनकांपैकी एक जेराल्ड पिअर्सन. त्यांनी वॉल्टर ब्रॅटन यांच्यासह १९५५ मध्ये अर्धवाहक संशोधनाचा इतिहास लिहिला आणि लहरी टिपण्यासाठी अर्धवाहक स्फटिक वापरण्याचा अग्रमान बोस यांना दिला. बोस यांना जाऊन तेव्हा अठरा वर्षे झाली होती.